कुलवृत्तांतातली आजी

श्रावणातला दुसरा शनिवार. ग्रंथालयाच्या संदर्भ विभागात हजर: मी, आत्या आणि ग्रंथपाल जोशीबाई.

आत्याला आमच्या कुलवृत्तांतात तिची आई पाहायची होती. देवळातल्या भजनांना स्वतः चाली लावणारी आजी आजोबांच्या नावाखाली सापडली: ‘पत्नी रमा’.

“हे सासरी ठेवलेलं नाव. गायची ती दुर्गा,” आत्या म्हणाली.

जोशीबाईंनी संगीतकोश दिला, मग त्या देवळाच्या संप्रदायाचा इतिहास. आजी कशातच नव्हती.

“त्या चाली आता कुणाला येतात?” जोशीबाईंनी विचारलं.

“मलाच. आणि मला आता एक जिनाही चढवत नाही, बाई!”

मी उगाच ग्रंथ उंचीप्रमाणे लावत राहिले. घराण्याचं कपाट वेगळं, गाण्याचं वेगळं, देवाचं वेगळं. आजी तर भाकरी थापताना तिन्ही एकदमच करत असे. मला स्वस्थ बसवेना.

आत्याच्या आवाजात त्या चाली रेकॉर्ड करायचं तेव्हाच ठरवलं; अजून राहिल्याच आहेत.