गप्प बसायचं एक मिनिट

मुलगी काय करते असं कोणी विचारलं की आई सांगायची, "सिनेमे कापते." तिचं काही चुकत नव्हतं. वडिलांच्या रेल्वेतल्या बदलीने आम्ही भुसावळहून जयपूरला आलो, दुर्गापुऱ्यात राहिलो, आणि मी ना नटनट्या, ना बजेट अशा छोट्या सिनेमांचं संकलन करायला लागले. पोट मात्र इथल्या महालांतल्या लग्नांच्या व्हिडिओंवर भरायचं. वराती कापून कापून जीव नुसता विटून जायचा.

सिनेमातली शांतता म्हणजे आवाज बंद करणं नव्हे. प्रत्येक खोलीला आपला बारीकसा आवाज असतो. शूटिंग संपताना सगळ्यांना गप्प उभं करून तो मिनिटभर वेगळा रेकॉर्ड करतात. माझ्या पहिल्याच सिनेमात मंडळी नेमकं तेवढं विसरली. मग मी आमचंच स्वयंपाकघर रेकॉर्ड करायला घेतलं. फ्रिज बंद केला. आई मेथी निवडत होती. तिला बाहेर जा म्हटलं तर म्हणाली, "मी नाही हालत. तू कर तुझं." मिनिटभर खरंच हालली नाही. मग म्हणाली, "झालं का गं? बोलू आता?"

पुढे तो रिवाजच पडला. कुठल्याही सिनेमात घरातली शांतता कमी पडली की आई गप्प बसायची, शेवटी "झालं का गं" विचारायची आणि मी तेवढं कापून टाकायचे. एकदा सिनेमा पाहून तिने विचारलं, "यात मी कुठंय?"

"गप्प बसलीस ना, तिथे."

"मग ते कोणाला कळणार?"

मागच्या हिवाळ्यात ती गेली.

यंदाच्या सिनेमात एक रिकामं घर आहे. तिथे मी आईचं शेवटचं रेकॉर्ड केलेलं मिनिट लावलं. दिग्दर्शक माझ्याहून बराच लहान, इथल्याच आदर्श नगरचा. हेडफोन लावून ऐकता ऐकता थबकला. "दीदी, घर तो खाली है ना? मतलब, यहाँ कोई साँस ले रहा है."

मला त्याचा रागही आला आणि त्याला मिठीही मारावीशी वाटली. इतक्या वर्षांत कोणाला तरी ती कळली होती. पण त्याचं म्हणणं बरोबर होतं. रिकाम्या घरात श्वास कसा चालेल? मी ते मिनिट काढलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी फ्रिज बंद केला, ओट्यावर रेकॉर्डर ठेवला आणि स्वतः दाराबाहेर जाऊन उभी राहिले. हवी तशी शांतता मिळत होती. मिनिट केव्हाच उलटून गेलं, तरी मी तिथेच उभी. कोणी विचारल्याशिवाय मला आत जाऊन रेकॉर्डर बंद करता येईना.