वास्त्याविना एक जागा

इथे आखातात, सबाह अल-सालेममधल्या आमच्या फ्लॅटमध्ये एवढी माणसं एरवी फक्त गणपतीला जमतात. त्या शुक्रवारी सकाळी ती जमली माझ्या लॅपटॉपवरचं हायकोर्ट बघायला. शुक्रवारी इकडे सुट्टी आणि तिकडे कोर्ट चालू, त्यामुळे कुणालाच रजा टाकावी लागली नव्हती. मी आधीच दम भरला होता, माइक बंद असला तरी कुणी चकार शब्द काढायचा नाही.

प्रकरण माझ्या लेकीचं. महाराष्ट्रातल्या एका सरकारी कॉलेजात शेवटच्या फेरीला एकच जागा उरली होती आणि ती गुणांवर भरायची होती. मिळाली भलत्याच मुलाला, आणि त्या बहाद्दराने आनंदाच्या भरात आपले गुण स्टेटसला टाकले. माझ्या मुलीपेक्षा कितीतरी कमी! आम्ही माहितीच्या अधिकारात सगळ्या अर्जदारांचे गुण मागितले. उत्तर आलं, ही खासगी माहिती आहे, देता येत नाही. माझं डोकंच फिरलं.

खालच्या मजल्यावरचे रत्नागिरीचे चाचा एका कंपनीत मंदूब आहेत, म्हणजे सरकारी कचेऱ्यांतून कागद करून आणणारे. ते म्हणाले, "ताई, तिकडं कोण वळखीचा हाय का बघा. वास्त्याबिगर काम व्हायचा नाय." खरं सांगायचं तर मलाही आधी तेच सुचलं होतं. इथे कागद अडला की आपण प्रथम वास्ता, म्हणजे ओळखीचा माणूस शोधतो, मग रांग. मी मंत्रालयातल्या मावसभावाला फोन लावायला घेतला तशी लेक भडकली. "मम्मी, दॅट्स हाउ ही गॉट इन!" तिला मराठी सगळं कळतं, पण उत्तर येतं इंग्रजीत. मी फोन ठेवला आणि वकील केला.

सुनावणी सुरू झाली. कॉलेजचे वकील पुन्हा खासगीपणावर घसरले. न्यायमूर्तींनी चष्मा काढला. "गुण दाखवायचेच नसतील तर याला गुणवत्ता यादी का म्हणता?" आमच्या हॉलमध्ये एकच गलका झाला. माझा दम गेला उडत! चाचा तर सोफ्यावरून उठून उभे राहिले. आदेश झाला: सगळ्यांचे गुण जाहीर करा, आणि ती जागा ज्याचे गुण सर्वांत जास्त त्यालाच द्या. मी लेकीला इतकं घट्ट धरलं की ती ओरडलीच.

पुढच्या आठवड्यात गुण जाहीर झाले. तो मुलगा होता पार खाली. माझी लेक दुसरी.

पहिली होती मराठवाड्यातल्या एका लहानशा गावातली मुलगी. तिने सोमवारपर्यंत प्रवेश घेतला नाही तर जागा आमची. कॉलेजने यादी फक्त आपल्या फलकावर आणि वेबसाइटवर लावली होती, आणि त्या मुलीने केव्हाच आशा सोडली असणार. चाचा हळूच म्हणाले, "गप ऱ्हावा ताई. सोमवार काय लांब नाय." मी गप्प राहिले. लढलो आम्ही, वकील आमचा, आणि जागा त्या मुलीला? फार राग आला मला.

लेकीने मात्र यादीतून त्या मुलीच्या ज्युनियर कॉलेजचं नाव काढलं, तिथे फोन केला, आपली सगळी हकिकत सांगून नंबर मिळवला. फोन स्पीकरवर होता. पलीकडच्या मुलीचा विश्वासच बसेना. ती दबक्या आवाजात म्हणाली, "पण ताई, आमची तिथं कोणाशीच ओळख नाही हो."

माझी लेक चक्क मराठीत म्हणाली, "ओळख नाही लागत. तुझे गुण माझ्यापेक्षा जास्त आहेत. सोमवारच्या आत जा."

पलीकडून अशी किंकाळी आली, आणि मागोमाग "आये, आये" अशा हाका, की चाचा हसत सुटले. माझ्या डोळ्यांना धार लागली. जागा गेली म्हणून, आणि अशी लेक माझ्या पोटी आली म्हणूनही. मी चाचांना एगैलातल्या मिठाईवाल्याकडून पेढे आणायला पिटाळलं.