चुड्या उतरवणारी तुळसाबाई

अड्याळकडच्या एका लहान गावात कुणाचा नवरा गेला, की तुळसाबाईला निरोप यायचा. ती स्वतः सव्विसाव्या वर्षी विधवा झालेली. नव्या विधवेला तळ्याच्या पाळीवर बसवून कुंकू पुसायचं, चुड्या-जोडवी उतरवायची, हे काम विधवेनंच करायचं अशी तिथली रीत. आधी तिची चुलतसासू करायची. ती थकली तसं ते तुळसाबाईकडे आलं; तिला कुणी विचारलं नव्हतं. दगडानं चुड्या फोडल्या तर मनगट कापतं, म्हणून ती साबणाचं पाणी लावून एकेक उतरवायची. आपला हात हलका आहे याचा तिला थोडा अभिमानही होता.

मग ग्रामसभेत ही प्रथा बंद करायचा ठराव झाला. तुळसाबाईनंही हात वर केला. पण दोनच महिन्यांनी चंदाचा नवरा काविळीनं गेला आणि निरोप नेहमीसारखाच आला. चंदा जेमतेम तिशीची. पाळीवर बसल्यावर तिनं हात पोटाशी धरले आणि हळूच विचारलं, "काकू, ठराव झाला ना?"

मागे तिच्या सासरची माणसं उभी होती. तुळसाबाई म्हणाली, "हात सरळ ठेव, बाई." त्या दिवशी साबण कुणी आणला नव्हता. दोन चुड्या मनगटावरच फुटल्या.

पुढच्या वर्षी, धान निसवत असताना, तुळसाबाईचा एकुलता मुलगा धर्मेंद्र शेतातल्या मोटारीचा शॉक लागून गेला. मागे सून मोना आणि चार वर्षांची नात राहिली.

तिसऱ्या दिवशी धाकटा दीर यादोराव आला. वहिनीनं स्वतःच्या सुनेचं करू नये, दुसऱ्या बाईला बोलावलंय, मोनाला तेवढं बाहेर आणा, असं तो म्हणाला. मोना भिंतीला टेकून बसली होती. हात पोटाशी धरलेले. तुळसाबाईनं ते पाहिलं आणि ती दारात जाऊन उभी राहिली.

"मोना येत नाही. तिच्या चुड्या तिच्या हाती राहतील."

यादोरावानं पुष्कळ समजावलं. गाव काय म्हणेल, तेरवीला कोण येईल. तुळसाबाईनं वाद घातला नाही, ठरावाचं नावही काढलं नाही. ती फक्त दारातून हलली नाही.

अंगणात जमलेल्या बायांत चंदा होती. ती मोठ्यानं बोलली नाही, तरी सगळ्यांना ऐकू आलं.

"काकू, माह्या वेळी काहून नाही उभ्या राहिल्या?"



तेरवीला निम्मंही गाव आलं नाही. पुढच्या पावसाळ्यात, धानाच्या रोवणीच्या दिवसांत बांधावर जेवताना बाया मोनापासून अंतर ठेवून बसू लागल्या. एकदा ती सासूला म्हणाली, "माय, काढून टाकू का? बोलतील तरी माह्याशी."

"तुह्यं तू ठरव," तुळसाबाई म्हणाली. "मी हात लावत नाही." मोनानं अजून तरी काढलेल्या नाहीत.

तुळसाबाई चंदाच्या घरी तीनदा गेली. दोनदा दार उघडलं नाही. तिसऱ्यांदा चंदा अंगणात तांदूळ निवडत होती. तुळसाबाई समोर बसली आणि चुकलं म्हणाली. चंदानं सुपातून नजर काढली नाही.

खडा वेचता वेचता ती म्हणाली, "मले नाही म्हणता येत नव्हतं, काकू. तुमाले येत होतं."

तिनं चहा विचारला नाही आणि जा असंही म्हटलं नाही. तुळसाबाई ऊन अंगावर येईपर्यंत बसली, मग उठली.

निरोप आता दुसऱ्या बाईला जातो. पण गावात कुणी गेल्याचं कळलं, की तुळसाबाई त्या घरी आधी पोचते आणि नव्या विधवेच्या कानाशी सांगते, की तुझी मर्जी नसेल तर नाही म्हण, मी सोबत उभी राहते. वर्षभरात तिनं तिघींना असं सांगितलं. तिघींनीही ऐकून घेतलं, मान खाली घातली, आणि उठून पाळीवर गेल्या.