कऱ्हाटीच्या लग्नातील अक्षता

मी राहणारा इंदापूरचा, अर्ज लिहिणारा बारामतीच्या कचेरीबाहेर. शिक्षण नववीपर्यंत, परंतु नव्वदच्या दशकात शूटिंगवाल्या मित्रासमवेत मी जी व्हिडिओ कॅसेट घडविली, तशी दोन्ही तालुक्यांत कोणी पाहिलेली नव्हती, हे येथे निःसंकोच नमूद करतो.

लग्न कऱ्हाटी गावचे होते. रिवाजाप्रमाणे प्रत्येक मानकरी फेटा बांधून घेताना कॅसेटमध्ये दिसावा लागतो. आम्ही ते सर्व वगळले. पडद्यावर केवळ अक्षता ठेविल्या, त्याही उलट्या चालविलेल्या: जमिनीवरून उठून लोकांच्या मुठींत परत शिरणाऱ्या. सनई काढून टाकली. मित्राच्या कीबोर्डवर मी एकच सूर दाबून धरला आणि त्याखाली यंत्राचा ठोका चालू ठेविला.

आठवड्याने नवरदेवाचे वडील ती कॅसेट घेऊन मित्राच्या दुकानात आले. मी तेथेच होतो.

"मामांचा फेटा कुठं हाय?" ते म्हणाले. "नवरा न्हाय, नवरी न्हाय, निस्तं तांदूळ. लगीन लावलं का तांदूळ निवडाय बसलो हुतो?"

"मूळ शूटिंग हाय, आबा," मित्र म्हणाला. "मानपानाची दुसरी करून देतो."

"द्या. पन ही माझ्यासमोर पुसा. मामा रुसल्यात. पावण्यांत हसं झालं."

प्रत एकच होती. मित्राने ती पुसण्यासाठी यंत्रात सरकविली. मी ती बाहेर काढून घेतली.

"ही पुसली जाणार नाही," मी म्हणालो.

"तुमी कोन?"

"यातला सूर वाजविणारा मीच."

"तात्या, जाऊ द्या की," मित्र मला हळूच म्हणाला. "धंद्याचं बघा."

"तुमी कचेरीम्होरं अर्ज लिवता न्हवं?" नवरदेवाच्या वडिलांनी मला ओळखले. "कऱ्हाटीचं मानूस तुमच्याकडं कागद लिवाय येनार न्हाय, ध्यानात ठेवा."

"न येवो."

वास्तविक माझे म्हणणे सरळ होते. 'मेहेरबान साहेबांनी कृपावंत होऊन' हे शब्द मी आयुष्यभर लिहिले, तेही दुसऱ्यांच्या वतीने. या कॅसेटमध्ये कोणाचीही विनवणी नव्हती.

कॅसेट पिशवीत घालून मी इंदापूरची एसटी धरली. नव्या कॅसेटमध्ये मामा फेट्यासह ऐटीत दिसले व त्यांचा रुसवा गेला, असे पुढे कळले. कऱ्हाटीची माणसे मात्र कचेरीबाहेर शेजारच्या अर्जलेखकाच्या टेबलाकडे जाऊ लागली. माझ्यासमोरून जाताना ती मान वळवीत. मी वळवीत नसे.