चाळीस भोकांचा पावा

ओझुलमामा बोलायच्या आधी फुंकतो. "फू... ये, बस." "फू... जेवलास का?" सगळा जन्म पावे फुंकून बघण्यात गेला, त्यामुळे त्याचे ओठ कायम चंबूच्या तोंडासारखे. लग्नात "कबूल?" विचारलं तेव्हाही आधी फू झालं आणि समोरचा दिवा विझला.

"तेव्हाच पळायला हवं होतं मी," रिमेतमामी म्हणते.

"फू... पळायचं होतंस की. वारा तुझ्याच बाजूचा होता."

आमच्या वेल्हूर गावात प्रत्येक छपरावर मामाच्या हातचा पावा आहे. ओढ्यापलीकडच्या बांबूच्या बेटातला कळक तोडायचा, वाळवायचा, तापल्या सळईने भोकं पाडायची. मग लांबून येणारा लांबका वारा आला की तेच तीन सूर पुन्हा पुन्हा, गोष्ट विसरलेल्या म्हाताऱ्यासारखे. दुपारची झुळूक, आमची खिदळी, तर वाळत घातलेल्या धुण्यात शिरून हसत सुटते. वारा एकच, पण प्रत्येक घर तो आपापल्या गळ्याने गातं.

ही काही नुसती हौस नाही. आमच्या गावसभेत माणसं बोलत नाहीत, पावे बोलतात. ठराव मांडला की त्याच्या बाजूने असलेली घरं पाव्याचं बूच काढतात आणि गाव ऐकतं. मग ती बूच लावतात, विरोधातली काढतात. ज्यांचा आवाज मोठा, त्यांचं खरं. माणसांना बोलू दिलं असतं तर भांडणं झाली असती, असं गावातले जाणते सांगतात, आणि नेमकं कोणामुळे झाली असती यावरून भांडतात.

यंदा दाग्रोम मुखियाने ठराव आणला: कळकाचं बेट तोडून तिथे पाहुणेघर बांधायचं. वेल्हूरला शेवटचा पाहुणा अकरा वर्षांपूर्वी आला होता, तोही वाट चुकून. पण मुखियाचं प्रत्येक वाक्य एकाच ठिकाणी जाऊन बसतं. "मी दोन वाट्या खीर खाल्ली, गावासाठी. जरा पडलो, गावासाठी."

बेट गेलं की मामाचा धंदा गेला. सळई काय, चुलीत घालायची? आणि मुखिया पावा सांगायला आला तो मामाकडेच!

"ओझुल, तुझं बेट जाणार. वाईट वाटतं. पण ठरावासाठी पावा तूच कर. तुझ्यासारखा हात आहे कोणाचा?"

पावा मागणाऱ्याला पावेकऱ्याने नाही म्हणायचं नाही, ही आमच्याकडची रीत. मामाने मान डोलावली. आत मामीने पातेलं असं आपटलं की झाकण अंगणात आलं.

"फू... भोकं किती?"

"तुझ्या पाव्याला किती असतात?"

"सहा. फार तर सात."

"मग चाळीस कर."

"मुखिया, वारा आत राहायला हवा. इतकी भोकं पाडली तर सगळा बाहेर निघून जाईल."

"सात भोकं गुरवाच्या घरालाही आहेत. मी मुखिया आहे!"

"चाळिसाचा सूर लागणार नाही, हे मी आत्ताच सांगतोय."

"कळतं मला, बेट वाचवायचंय तुला," मुखिया डोळा मारून म्हणाला. "चाळीस. गावासाठी."

मामाने पुढच्या आठवड्यात आणखी दोनदा सांगून पाहिलं. मुखियाने दोन्ही वेळा तसाच डोळा मारला. मग मामाने चाळीस भोकं पाडली, एकही वाकडं नाही. खोटं काम त्याला जमतच नाही.

"आपल्याच डोक्यात घालायची काठी," मामी म्हणाली, "आणि तीसुद्धा तेल लावून, घासून पुसून देतोय हा माणूस!"

सभेच्या दिवशी सकाळीच लांबका सुटला. मुखियाने आपल्या बाजूच्या सगळ्या घरांना बुचं लावून ठेवायला सांगितलं होतं. "माझा एकटाच पुरे. मध्ये कोणी चिवचिव नको." चौकात गाव जमलं. मुखियाने मान वर केली, हात छातीवर ठेवला, आणि चार गड्यांनी मिळून चढवलेल्या त्या पाव्याचं बूच निघालं.

फुस्स.

लांबका पुन्हा आला. पुन्हा फुस्स. तिसऱ्यांदा तेवढंही नाही. पुढच्या रांगेतली एक म्हातारी शेजारणीला म्हणाली, "आमच्या ह्यांचं पोट बिघडलं ना, की अस्संच."

आता विरोधाची पाळी. मुखियाच्या धाकाने कोणी बुचाला हात लावेना. एकटा मामा उठला आणि आपल्या घराच्या शिडीवर चढला. त्याच्या घरचा पावा म्हणजे उरलेल्या तुकड्याचा, वीतभर, त्याला भोक एकच. गिऱ्हाइकांच्या पाव्यांपुढे स्वतःचा करायला त्याला कधी सवड झालीच नाही.

कूं.

बारीकसं, पण लागलेलं. सभेचा पुकाऱ्या उभा राहिला, गंभीर चेहरा करून म्हणाला, "फुस्स एक, कूं एक. कूं मोठं. बेट राहील."

बेट राहिलं, पण वर्षभरापुरतंच. पुढच्या वर्षीच्या सभेत ठराव पुन्हा येऊ शकतो, आणि मुखिया हार मानणारा नव्हे. तो संध्याकाळीच मामाच्या दारात हजर झाला.

"चूक कळली मला, ओझुल. भोकं कमी पडली. साठ कर."

"फू... साठ भोकांना मांडीएवढा कळक लागेल. तेवढा जाड एकही नाही बेटात. व्हायला चार वर्षं लागतील, तीही आसपासचा एक कोंब न तोडता."

दुसऱ्या दिवशी पुकाऱ्या गल्लीगल्लीतून ओरडत गेला: मुखियाचा हुकूम, चार वर्षं बेटाला कोणी हात लावायचा नाही, ओझुल पावेकरी सांगेल तेवढीच तोड होईल. गावासाठी.