नकारघंटेच्या नावावरचा एकच रिफंड

आमच्या ऑफिसात त्या बाईला सगळे नकारघंटा म्हणायचे, आणि ते नाव मी ठेवलं होतं. खोटं कशाला बोलू, मला ती आवडायचीच नाही. पहिल्या दिवसापासून नाही. शेजारच्याच टेबलावर बसायची. मध्ये हातभर उंचीचा एक आडोसा, आणि त्याच्या पलीकडून दिवसभर तिचा कीबोर्ड वाजायचा. वाजला की समजायचं, बाई कुणाला तरी नाही म्हणतायत.

आधी आमचं काम काय ते सांगतो. आम्ही कॉम्प्युटरवरचे गेम ऑनलाइन विकणाऱ्या दुकानाचे तक्रारवाले. लोक गेम विकत घेतात, नाहीतर कुणीतरी त्यांना भेट म्हणून कोड पाठवतं. कोड अकाउंटमध्ये टाकला की गेम त्या अकाउंटला चिकटला. मग दुसऱ्या दिवशी माणसाला उपरती होते. चुकीच्या अकाउंटवर टाकला, पोराने न विचारता टाकला, आवडला नाही, बायको ओरडली. मग पत्र आमच्याकडे. आमच्या हातात दोनच गोष्टी. एक म्हणजे रिफंड : गेम जातो आणि ज्याने पैसे भरले त्याला पैसे परत मिळतात. दुसरी म्हणजे नुसतं काढून टाकणं : गेम कायमचा जातो आणि पैसे कुणालाच नाहीत. कोड एकदा वापरला की नियमाने रिफंड बंद. पण महिन्याला प्रत्येकाला पाच रिफंड स्वतःच्या मर्जीने द्यायची मुभा होती. त्यांना आम्ही 'मर्जीचे पाच' म्हणायचो.

माझे पाच पहिल्या आठवड्यातच उडायचे. गिऱ्हाईक खूश, गिऱ्हाईक मला पाच स्टार देणार, आणि ज्याला जास्त स्टार त्याचा फोटो कॉफीच्या मशीनवर. सलग चार महिने तिथे माझंच थोबाड होतं. कॉफी घेताना मी स्वतःकडे बघायचो आणि मला बरं वाटायचं. पैसे काय माझ्या खिशातून जात होते? हलवायाच्या घरावर तुळशीपत्र ठेवायला काय लागतं?

नकारघंटेने तीन वर्षांत एकही मर्जीचा रिफंड दिला नव्हता. एकसुद्धा नाही. महिनाअखेरीला तिचे पाचच्या पाच वाया जायचे आणि माझा जीव तळमळायचा.

"मॅडम, तुमचे पडूनच आहेत. त्यातले दोन माझ्या गिऱ्हाइकांना द्या ना," मी एकदा म्हटलं.

"तुझ्या मर्जीला माझी मर्जी कशाला लागते?" एवढंच बोलली, वरही बघितलं नाही.

अशी बाई! पंचावन्नच्या आसपास वय, बारा महिने तोच राखाडी स्वेटर, चष्म्याला दोरी. पत्र वाचताना स्क्रीनवर बोट ठेवून ओळीन् ओळ वाचायची, त्यामुळे तिच्या स्क्रीनवर कायम बोटांचे डाग. आम्ही पहिल्या तीन-चार ओळी बघून तयार उत्तर चिकटवायचो, चार मिनिटांत पत्र संपलं. तिला अकरा मिनिटं लागायची. अकरा मिनिटं वाचून शेवटी 'नाही'च म्हणायचं असेल, तर वाचायचं कशाला, असं मी सगळ्यांना म्हणायचो. सगळे हसायचे.

आमच्या साहेबांनाही ती डोळ्यांत खुपायची. साहेब उठसूट टाळ्या वाजवायचे. कुणाचा वाढदिवस असो नाहीतर प्रिंटर चालू होवो, टाळ्या ठरलेल्या. नकारघंटेसाठी मात्र त्यांना कधी टाळ्या वाजवायची संधी मिळाली नव्हती.

ती अशी का, तर म्हणे आधी अठरा वर्षं ती याच कंपनीच्या खऱ्याखुऱ्या दुकानात होती. डिस्क डबीतून विकायचे तेव्हा. माल परत घ्यायच्या खिडकीवर ती बसायची. लोक डिस्क घरी न्यायचे, कॉपी करून घ्यायचे, वर नवं प्लास्टिक चिकटवून परत आणायचे आणि शपथा घ्यायचे. ही डबी नाकाशी धरायची आणि सांगायची, "हे प्लास्टिक इस्त्रीने चिकटवलंय, घरी जा." अठरा वर्षं लोकांच्या थापा ऐकल्यावर माणूस असाच होणार, असं मला वाटायचं. एखाद्यावर विश्वास ठेवायची नसच सुकून गेली असेल.

तिच्या घरी मी एकदाच गेलो. पाय मुरगळला म्हणून ती घरून काम करणार होती, आणि तो जड कॉम्प्युटर तिसऱ्या मजल्यावर पोचवायची हमाली माझ्या वाट्याला आली. लिफ्ट नाही. दोन खोल्या. ही आणि हिची वहिनी. भाऊ वारला तेव्हापासून दोघी एकत्र, आणि एकमेकींचं तोंड बघायला नको म्हणून प्रत्येकीचा टीव्ही वेगळा. दोन्ही एकाच वेळी चालू. वहिनीने मला पाणी दिलं आणि हिच्यादेखत विचारलं, "ऑफिसात पण प्रत्येकाला नाहीच म्हणते का हो?" मी म्हटलं, "प्रत्येकाला." दोघं खो खो हसलो. नकारघंटा पाय उशीवर ठेवून बसली होती, म्हणाली, "झालं हसून? दार ओढून घे जाताना."

ही वहिनी रोज बरोबर एक वाजता ऑफिसात फोन करायची. मग नकारघंटा जिन्यात जाऊन पंधरा मिनिटं भांडायची. गॅसचं बटण, दुधाची पिशवी, गच्चीवरचे कपडे. तेवढी पंधरा मिनिटं आमच्या कानांना सुट्टी.

आता त्या मंगळवारचं. सकाळच्या मीटिंगमध्ये साहेबांनी माझ्यासाठी टाळ्या वाजवल्या आणि नकारघंटेला म्हणाले, "यांच्याकडून शिका जरा. गिऱ्हाइकाशी माणुसकीने वागतात."

ती चष्मा पुसत म्हणाली, "तो पत्रं वाचत नाही. स्टार मोजतो."

भर मीटिंगमध्ये! बारा माणसांसमोर! माझं डोकंच फिरलं. दुपारपर्यंत मी नुसता धुमसत होतो. म्हटलं, ही कोण मला शिकवणार? दगड कुठली.

आणि त्या दिवशी वहिनीचा फोन आला पावणेएकला. नकारघंटा स्क्रीन लॉक न करताच फोन कानाला लावून जिन्याकडे गेली. असं ती कधी करायची नाही. मी आडोशावरून डोकावलो. समोर एक पत्र उघडं, आणि वर लाल अक्षरांत : रिफंड नाकारला.

मी वाचलं. म्हणजे माझ्या पद्धतीने वाचलं, स्क्रीनवर दिसत होत्या तेवढ्या चार ओळी. एका बाईचं पत्र होतं. "माझ्या अकाउंटवर एक गेम भेट आला आहे. माझ्या आठ वर्षांच्या मुलीने मला न विचारता कोड टाकला. मला हा गेम नको आहे. हात जोडते, लवकरात लवकर काही तरी करा."

हात जोडते! आणि हिने लाल शिक्का मारला. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. आणि कोपऱ्यात हिचे मर्जीचे पाच, पाचच्या पाच शाबूत, एखाद्या कंजुषाच्या कपाटासारखे.

मी इकडेतिकडे बघितलं, तिच्या खुर्चीत बसलो आणि बटण दाबलं. मर्जीचा रिफंड. मंजूर. घे, म्हटलं. कर माणुसकी, तुझ्याच नावाने.

आमच्याकडे मर्जीचा रिफंड दिला की भिंतीवरच्या मोठ्या पडद्यावर नाव झळकतं. नकारघंटेचं नाव झळकलं आणि ऑफिसात एकच गलका. साहेब केबिनमधून धावत आले. ती जिन्यातून परत आली तेव्हा अख्खं ऑफिस उभं राहून टाळ्या वाजवत होतं. साहेब तर डोक्यावर हात नेऊन वाजवत होते. "शेवटी पाझर फुटला!" कुणीतरी ओरडलं. मी सगळ्यांत जोरात वाजवत होतो.

तिने पडद्याकडे बघितलं. मग स्वतःच्या टेबलाकडे. खुर्चीत बसली, पत्र उघडलं आणि तिचा चेहरा पांढराफटक पडला.

"हे कुणी केलं?"

टाळ्या विरल्या. मी हसत हसत म्हटलं, "काय मॅडम, एखाद्या दिवशी चांगलं काम केलं तर..."

"तू?" ती म्हणाली. मग स्क्रीन माझ्याकडे वळवली. "खाली वाच. मोठ्याने वाच."

मी पत्र खाली सरकवलं आणि वाचू लागलो.

"ही भेट माझ्या नवऱ्याने पाठवली आहे. आम्ही त्याच्यापासून पळून आलो आहोत. कुठे आहोत ते त्याला माहीत नाही आणि कळता कामा नये. मागच्या वेळी त्याने आम्हाला शोधलं तेव्हा माझा हात दोन ठिकाणी मोडला होता. या गेममधून तो मुलीला निरोप पाठवू शकतो, म्हणून गेम काढून टाका. अर्जात वेगळा पर्याय सापडला नाही म्हणून रिफंडवर टिचकी मारली, पण मला पैसे नकोत. त्याला काहीही कळवू नका."

त्याखाली नकारघंटेने तिला पाठवलेलं उत्तर होतं. तिने स्वतः लिहिलेलं, आमच्या तयार उत्तरांतलं नाही. "रिफंड नाकारत आहे. दिला तर पैसे त्याला जातील आणि पावतीही जाईल. गेम नुसता काढून टाकत आहे. त्याची सूचना कुणालाही जात नाही. यंत्रणेला चोवीस तास लागतात, तोवर मुलीला गेम उघडू देऊ नका. काळजी घ्या."

पावती. मी तीन वर्षं रिफंड वाटत होतो, पावती कधी उघडून बघितली नव्हती. ती माझ्या कामातच येत नव्हती ना. भेटीचा रिफंड झाला की पावती पैसे भरणाऱ्याला जाते, आणि करासाठी तीवर अकाउंट सध्या जिथून चालतं त्या गावाचं नाव छापलेलं असतं. हे तिला माहीत होतं, कारण ती सगळं वाचायची.

तिने तेवढ्यात हिशेब विभागाला फोन लावला होता. पलीकडून काय आलं ते तिच्या तोंडावरच दिसलं. "गेली," ती म्हणाली. "बारा पन्नासला गेली. परत बोलवता येत नाही."

मग तिने त्या बाईला लिहायला घेतलं. चूक आमच्याकडून झाली, गाव त्याला कळलं असेल, ताबडतोब पोलिसांना सांगा. माझं नाव नाही घातलं. 'आमच्याकडून' लिहिलं. मी मागे उभा होतो, अजून टाळ्या वाजवत असल्यासारखे हात पुढे करून.

साहेबांनी आपली बाजू लगेच सावरली. "तसं नियमाने बघितलं तर आपली चूक नाही," म्हणाले. "अर्जात तिने रिफंडच निवडला होता. आणि हे बाहेर बोलायचं नाही." मग केबिनचं दार लावून घेतलं. असल्या माणसाच्या टाळ्यांसाठी मी चार महिने जीव टाकला होता! थू!

नकारघंटा माझ्याकडे वळली. मला वाटलं, ओरडेल. ओरडली असती तर बरं झालं असतं.

"तुला तिला मदत करायची नव्हती," ती म्हणाली. "तुला मला हरवायचं होतं. हरले मी. आता बस जागेवर."

मी बसलो. खरं होतं ते, अक्षर न् अक्षर.

दुसऱ्या दिवशी सकाळी उत्तर आलं. नकारघंटेने ते वाचलं, स्क्रीन माझ्याकडे वळवली आणि उठून गेली. मी या वेळी सगळं वाचलं, बोट ठेवून.

"मी रिफंड नको म्हणून स्पष्ट लिहिलं होतं. तुमच्यातल्या एकीला ते कळलंही होतं. मग कुणी केलं? गेम अजून निघाला नव्हता आणि काल रात्री त्याचा मुलीला निरोप आला, गेममधूनच. आमच्या गावाचं नाव लिहिलंय, दुसरं काही नाही. पोलीस म्हणाले, नुसतं गावाचं नाव लिहिणं हा गुन्हा नाही. आम्ही पुन्हा गाव सोडतोय, पण शाळेचा दाखला शुक्रवारशिवाय मिळत नाही आणि त्याशिवाय दुसरीकडे तिला कुणी घेणार नाही. तोवर आतून कडी लावून बसू. मुलगी मला विचारते, मी कोड टाकला म्हणून झालं का? तिला काय सांगू ते तुम्हीच सांगा."

मी उत्तर लिहायला बसलो. तयार उत्तर नाही, माझ्या हाताने. तिला सांगा, तिचं काही चुकलं नाही. हे एका नालायक माणसाने केलं, त्याने पत्र पूर्ण वाचलं नाही, तो मी. आयुष्यात पहिल्यांदा एका पत्राला दोन तास लावले. पाठवलं. क्षणात परत आलं. ते अकाउंट तिने सकाळीच बंद केलं होतं. फोन नंबर तिने आधीच काढून टाकलेला. पत्ता कधी दिलाच नव्हता, आणि ते शहाणपणच होतं.

शुक्रवार आला आणि गेला. त्यांना दाखला मिळाला का, त्या निघाल्या का, मला माहीत नाही. नकारघंटेलाही नाही. तिने प्रयत्न केला, मी बघितलंय. त्या बाईपर्यंत पोचायला आमच्याकडे आता एकही रस्ता नाही. त्याच्याकडे आहे, आणि तो त्याला मी दिला.