पिशवीतला हात

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. तुझ्या आजोबांना नाही, तुझ्या आईलाही नाही. मैथिली, तू परवा फोनवर म्हणालीस की तुमच्या कॉलेजात आमची फिल्म दाखवणार आहेत आणि नंतर आजीने व्हिडिओवर दोन शब्द बोलायचे — तेव्हापासून माझा जीव थाऱ्यावर नाही. काय बोलू? कुरुदच्या वस्तीतल्या बायकांनी स्वतः कॅमेरा धरला आणि आमच्या स्मृति नगरातल्या एका म्हाताऱ्या बाईने त्यांना मदत केली, हेच ना? ते खोटंही नाही. म्हणून तर जास्त भीती वाटते.

फिल्म करणारी नंदिता नागपूरची. तिचं म्हणणं, फिल्म तिची एकटीची नाही. वस्तीतल्या बायका लोकांकडे घरकाम करायच्या. प्रत्येकीने गळ्यात छोटा कॅमेरा अडकवून आपला एक दिवस टिपायचा. नियम एकच — जिने जे टिपलं ते तिलाच नको वाटलं, तर काढायचं. कारण विचारायचं नाही. मला इथली छत्तीसगढी समजते, इंग्रजी लिहिता येतं, म्हणून पडद्यावर खाली येणाऱ्या इंग्रजी ओळी माझ्याकडे आल्या. आमच्या जेवणाच्या टेबलावर तिचा लॅपटॉप असायचा. मला स्वतःचं केवढं कौतुक वाटायचं तेव्हा!

त्या बायकांत सुकवारो होती. ती आमच्याकडे कामाला यायची, शिवाय आणखी दोन घरी.

माझी शिस्त तुला माहीत आहे. गॅस बंद, नळ बंद, मागच्या दाराला कडी — आणि सुकवारो निघाली की तिची पिशवी बघणं. हो, रोज. ती न सांगता पिशवी उघडायची आणि मी बोलता बोलता आत हात घालायचे. कधी काही सापडलं? कधीच नाही. मग का बघायचे? हा प्रश्न मला पडलाच नाही — निदान त्या दुपारपर्यंत.

त्या दुपारी लॅपटॉपवर ती पिशवी आली. तिच्या गळ्यातल्या कॅमेऱ्यातून दिसेल तशी, वरून. डबा, शाल, आणि शालीखाली चाचपणारा, अंगठी घातलेला एक हात. चेहरा नाही. बोलणं कुकरच्या शिट्टीत बुडालेलं. सुकवारोने ते मुद्दाम टिपलं होतं? कोण जाणे. मी माझा उजवा हात टेबलाखाली घेतला — बोटात तीच अंगठी होती.

"काकू, हे कोणाचं घर असंल? मले तर साऱ्या फिल्ममधला हाच तुकडा सगळ्यात खरा वाटून राहिला," नंदिता म्हणाली.

आणि मी म्हणाले — कसं सुचलं मला? — सुकवारोला हे नको आहे. तिने मला सांगितलं. काम जाईल म्हणून घाबरते.

"मी बोलू का तिच्याशी?"

"नको गं. लाजेल बिचारी."

बिचारी. हा शब्दही मी वापरला. नंदिताने तो तुकडा काढला. नियमच होता तसा. तो नियम त्या बायकांचं कुणी काही हिरावू नये म्हणून होता, आणि मी तो सुकवारोच्या नावाने माझ्यासाठी वापरला. त्यानंतर फिल्म दाखवायच्या दिवसापर्यंत ती रोज घरी यायची, भांडी घासायची, आणि मी स्वयंपाकघरात पाऊल ठेवायला धजत नसे. तेव्हा सांगता आलं असतं. रोज सांगता आलं असतं.

वस्तीतल्या सामाजिक भवनात पडदा लावला. सुकवारो नवी साडी नेसून, सासूला घेऊन पुढे बसली. मागून बायका ओरडल्या, "ए हिरोइन, मुड़ी ला नीचे कर, हमू ला देखन दे!" ती हसली, मान खाली केली. फिल्म संपली, टाळ्या झाल्या. मग ती उठली. "झोला वाला कहाँ गे, दीदी?" पिशवीचा तुकडा कुठे गेला, असं ती विचारत होती.

नंदिता गोंधळली. "आपने ही तो निकालने को कहा था। काकू ने बताया।"

सुकवारोने वळून माझ्याकडे पाहिलं. किती वेळ? मला विचारू नकोस. मी चहाचा ट्रे धरून उभी होते. सगळ्या बायका ऐकत होत्या. एक वाक्य — मी खोटं बोलले — एवढंच बोलायचं होतं.

"हव," ती म्हणाली. "मैंच केहे रेहेंव." मीच सांगितलं होतं.

नंदिताने तिच्या खांद्यावर हात ठेवला. घाबरायचं नसतं, आपलं खरं दाखवायला लाजायचं नसतं, असं तिला सगळ्यांसमोर समजावलं. सासू तोंडाला पदर लावून बसली होती. सुकवारो मान हलवत राहिली. मी चहा वाटला.

पुढे तिने आमचं काम सोडलं आणि ती रिसालीत एका घरी कामाला लागली. का सोडलं, ते मी विचारलं नाही.

मैथिली, फिल्म बघशील तेव्हा एका ठिकाणी सुकवारो ओट्यापाशी हात पुसते आणि पुढच्याच क्षणी उन्हात, रस्त्यावर असते. मधलं मी काढलं.